चिमणीमागे गेलेला मुलगा : डॉ. सलीम अली



थोरांच्या चरित्रांच्या या पानावर सहसा राजे, संत, समाजसुधारक आणि क्रांतिकारक येतात. या वेळी आम्ही अशा एका माणसाची ओळख करून देत आहोत, की जो शाळेत कधी चमकला नाही, कॉलेज अर्धवट सोडून गेला, धंद्यात अपयशी ठरला आणि पदवी नाही म्हणून ज्याला नोकरी नाकारली गेली. तरीसुद्धा भारतातल्या पक्ष्यांविषयी जगात कोठेही काही लिहायचे झाले, तर त्याच्या नावाशिवाय पुढे जाता येत नाही. त्यांचे नाव डॉ. सलीम अली.

हेच चरित्र निवडायला कारण आहे. पालकसभेत एक तक्रार आमच्या कानावर वरचेवर येते. बाई, हा मुलगा कोणात मिसळत नाही, दिवसभर कुत्र्याच्या पिल्लांमागे असतो. नाहीतर गच्चीवर कबुतरे बघत बसतो. अभ्यासाचे नाव काढले की डोके दुखते म्हणतो. अशी तक्रार घेऊन येणाऱ्या पालकांची काळजी खोटी नसते. गिरणीत, डाइंगमध्ये बारा-बारा तास काम करून ते मुलाला शिकवतात. त्याने शिकून पुढे जावे, असे त्यांना वाटणारच. त्या सर्वांनी हे चरित्र वाचावे, अशी आमची इच्छा आहे.

सलीम मोइझुद्दीन अब्दुल अली यांचा जन्म १२ नोव्हेंबर १८९६ रोजी मुंबईत एका सुलेमानी बोहरा कुटुंबात झाला. नऊ भावंडांतला हा सर्वांत धाकटा. तो एक वर्षाचा असताना वडील वारले आणि तीन वर्षांचा असताना आई गेली. आईबापांचा चेहरासुद्धा आठवू नये, अशा वयात मूल पोरके झाले. आईचे भाऊ अमीरुद्दीन तय्यबजी आणि त्यांच्या पत्नी हमीदा बेगम यांना स्वतःचे मूल नव्हते. त्यांनी या सर्व भावंडांना आपल्या खेतवाडीतल्या घरी आणले. खेतवाडी म्हणजे गिरगावच्या शेजारचा भाग. आज तेथे इमारतीला इमारत लागलेली आहे. त्या काळी बंगले होते, आवार होते, घोड्यांचे तबेले होते.

या तय्यबजी घराण्याचा आपल्या भागाशी एक संबंध आहे, तो येथे सांगून टाकतो. याच घराण्यातले आणि सलीमच्या नात्यातले अब्बास तय्यबजी हे गांधीजींचे निकटचे सहकारी. १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहात गांधीजींना अटक झाल्यावर धरासणाच्या सत्याग्रहाचे नेतृत्व त्यांच्याकडे आले होते. तेव्हा त्यांचे वय ७६ होते, आणि त्यांनाही लगेच पकडण्यात आले. दांडी आणि धरासणा येथे शाळेची सहल गेली, की गांधीजींबरोबर हे नावही मुलांना सांगायला हवे.

असो. मामामामींचे घर माणसांनी भरलेले होते. सलीमला खाण्यापिण्याची वाण नव्हती आणि मायाही मिळाली. म्हणून तो एकटा होता असे म्हणताना थोडे जपूनच म्हणावे लागेल. पण एकटेपणा नेहमी रिकाम्या घरातच असतो असे नाही. भरल्या घरातसुद्धा, आपल्याला जे दिसते ते दुसऱ्या कोणाला दिसत नसेल, तर मूल एकटेच असते. सलीमचा जीव पक्ष्यांत अडकलेला. मुंबईच्या बाजारातून स्वयंपाकासाठी जिवंत तितर आणि लावे आणले जात. त्यातले काही वाचवून तो ते पाळत असे. सुटीत घरची मंडळी चेंबूरला जात. तेव्हाचे चेंबूर म्हणजे झाडीचे गाव! पहाटे अंथरुणात पडल्यापडल्या दयाळ पक्ष्याची शीळ ऐकू येई. ती आवडते म्हणून कान देऊन ऐकणारा मात्र तो एकटाच.

मामांनी त्याला एक छर्ऱ्याची बंदूक दिली होती. हा मुलगा त्या बंदुकीने चिमण्या मारत असे, ही गोष्ट आम्ही विद्यार्थ्यांपासून लपवणार नाही. त्या काळात सुखवस्तू घरांतून शिकार हा मर्दानी खेळ समजला जाई आणि मोठेपणी नामांकित शिकारी व्हायचे, असेच सलीमच्या मनात होते. आज असे करणे कायद्याने गुन्हा आहे, हे सर्वांनी लक्षात ठेवावे. पण या मुलात आणि इतर मुलांत फरक कोठे होता, ते पाहा.

घराच्या तबेल्यात एका भोकात चिमणीने घरटे केले होते. मादी आत अंडी उबवत होती आणि नर बाहेर राखण करत बसला होता. सलीम एका घोडागाडीमागे लपला आणि त्याने त्या नराला मारले. थोड्याच वेळात मादीने दुसरा नर आणला. तोही बाहेर राखणीला बसला. सलीमने त्यालाही मारले. मग तिसरा आला. असे सात दिवसांत आठ नर त्याने त्याच जागी मारले, आणि प्रत्येक वेळी मादीला नवा जोडीदार मिळत गेला. दुसरा एखादा मुलगा असता, तर मित्रांपुढे फुशारकी मारून मोकळा झाला असता. नऊ-दहा वर्षांच्या सलीमने ही हकीकत लिहून ठेवली. काय दिसले, किती वेळा दिसले, कोठे दिसले. १९०६-०७ च्या सुमाराची ती नोंद सुमारे साठ वर्षांनी एका पक्षीविषयक पत्रिकेत जशीच्या तशी छापली गेली. कारण जोडीदार गेल्यावर चिमण्या काय करतात, याचा तो चांगला पुरावा होता. क्रूरपणा आणि जिज्ञासा त्या वयात हातात हात घालून चालतात. कोणती वाढवायची, हे बरेचसे भोवतालच्या मोठ्या माणसांवर असते.

आणि येथे मोठी माणसे चांगली भेटली!

एके दिवशी सलीमने मारलेल्या एका चिमणीच्या गळ्यावर पिवळा डाग दिसला. नेहमीच्या चिमणीला तो नसतो. ही कोण? आणि हिचे मांस आपल्या धर्माप्रमाणे खाण्यास चालते की नाही? पोराने ती चिमणी मामांपुढे नेली. मामा स्वतः शिकारी, पण त्यांनाही ती ओळखता आली नाही. येथे मामांनी जे केले, ते आम्हाला फार मोलाचे वाटते. उगाच डोके खाऊ नकोस, असे म्हणून त्यांनी त्याला हाकलले नाही. माहीत नसताना काहीतरी ठोकूनही दिले नाही. मामा बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे सभासद होते. १८८३ साली मुंबईत स्थापन झालेली ही संस्था प्राणी, पक्षी व वनस्पती यांचा अभ्यास करते आणि आजही ती चालू आहे. संस्थेचे सचिव मिलार्ड साहेब यांच्या नावे मामांनी चिठ्ठी लिहिली आणि पोराला चिमणीसकट तिकडे पाठवले.

इंग्रजांचे राज्य होते ते. एका हिंदी पोराने कागदात गुंडाळलेली मेलेली चिमणी घेऊन गोऱ्या साहेबाच्या दालनात जायचे, म्हणजे पोटात गोळा येणारच. पण मिलार्ड साहेबांनी त्याला जवळ बसवले आणि ती चिमणी हातात घेऊन नीट पाहिली. ही पिवळ्या गळ्याची रानचिमणी आहे, हे त्यांनी सांगितले. मग कपाटांचे खण उघडून पेंढा भरून ठेवलेले शेकडो पक्षी एकामागून एक दाखवले. पक्ष्याचे कातडे कसे काढायचे, कसे टिकवायचे, सोबत नोंद कशी लिहायची, हे शिकायची सोय करून दिली आणि वाचायला पुस्तके दिली. एका शाळकरी पोरासाठी एका मोठ्या माणसाने दिलेला हा वेळ! सलीम अलींनी पुढे १९८५ साली आत्मचरित्र लिहिले, त्याच्या इंग्रजी नावातसुद्धा त्या पडलेल्या चिमणीचीच आठवण ठेवलेली आहे.

यानंतर सर्व सुरळीत झाले असेल, असे वाटेल. तसे मुळीच झाले नाही. पक्ष्यांची गोडी वाढली, पण शाळा काही सुधारली नाही. तेरा वर्षांचा असताना त्याला सतत डोकेदुखी सुरू झाली. वर्ग बुडू लागले. कोरड्या हवेने बरे वाटेल म्हणून त्याला सिंधमध्ये नातेवाइकांकडे पाठवण्यात आले. शेवटी १९१३ साली तो कसाबसा मॅट्रिक झाला. सेंट झेवियर्स कॉलेजात नाव घातले, तेथे पहिल्याच वर्षी गाडी अडली. कॉलेज सोडून तो ब्रह्मदेशात गेला. तेथे तावॉय भागात घरच्यांचा टंगस्टनच्या खाणींचा आणि लाकडाचा व्यवसाय होता. धंदा सांभाळायला गेलेला हा तरुण तेथल्या जंगलात पक्षी पाहत हिंडला. वनखात्यातल्या जाणकारांशी त्याची ओळख झाली. धंद्याचे काय झाले असेल, ते सांगायला नको.

१९१७ साली मुंबईस परतल्यावर त्याने व्यापारी कायदा आणि हिशेब शिकायला दावर कॉलेजात प्रवेश घेतला. घरच्यांच्या दृष्टीने हा शहाणपणाचा मार्ग होता. पण सेंट झेवियर्सच्या फादर ब्लाटर यांनी त्याचा खरा ओढा ओळखला आणि प्राणिशास्त्र शिकण्याचा आग्रह धरला. मग सकाळी हिशेबाचा वर्ग आणि नंतर प्राणिशास्त्राचा, असे दोन्ही त्याने केले. मामा, मिलार्ड साहेब आणि फादर ब्लाटर अशी तीन माणसे तीन वळणांवर उभी होती. यांपैकी एक जरी नसता तर काय झाले असते, हा विचार आमच्या मनात येतोच.

१९१८ च्या डिसेंबरात त्यांचा विवाह तहमीना यांच्याशी झाला. पुढे पक्षीशास्त्रज्ञाची सरकारी जागा निघाली, तेव्हा विद्यापीठाची पदवी नाही म्हणून ती त्यांना मिळाली नाही. १९२६ साली मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये, म्हणजे आजच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात, प्रेक्षकांना निसर्ग विभागाची माहिती देणाऱ्या व्याख्यात्याची नोकरी लागली. पगार महिना ३५० रुपये. दोनेक वर्षांनी त्यांना वाटू लागले, की आपल्याला पक्षी ओळखता येतात, पण शास्त्र येत नाही. तेव्हा रजा काढून ते जर्मनीत गेले आणि बर्लिनच्या संग्रहालयात प्रा. श्ट्रेझमान यांच्या हाताखाली शिकले. या गुरूंना ते जन्मभर मानत राहिले. १९३० साली मायदेशी परतले तो काय, पैशाअभावी म्युझियममधली त्यांची जागाच रद्द झालेली!

वय ३४. नोकरी नाही, पदवी नाही, पदरी बायको. आपल्यापैकी किती घरांनी गिरणी बंद पडल्यावर असे दिवस पाहिले आहेत! मुंबईचा खर्च परवडेना म्हणून दोघे अलिबागजवळच्या किहीम गावी समुद्रकाठच्या घरात राहायला गेले. आणि बेकारीच्या याच काळात सलीम अलींच्या हातून असे काम झाले, की ज्याने त्यांचे नाव परदेशातल्या शास्त्रज्ञांपर्यंत पोहोचले.

घराजवळच्या झाडावर सुगरण पक्ष्यांची वसाहत होती. आपण घरी सुगरण म्हणतो, बाहेर गुजरातीत सुघरी म्हणतात. सचिन, डुमस, ओलपाडकडे जाताना बाभळीवर, ताडावर, विहिरीवर वाकलेल्या झाडांवर लोंबणारी ती घरटी आपण सर्वांनी पाहिली आहेत. आपल्या खानदेशच्या बहिणाबाई चौधरींनी या खोप्यावर रचलेली कविता तर ज्याला येत नाही, असा मराठी माणूस विरळा. त्या कवितेत पिलांसाठी खोपा विणणारी ती मादी आहे. किहीमला सलीम अली पावसाळ्याचे दिवस त्या झाडाजवळ तासन्‌तास बसून राहिले आणि त्यांना जे दिसले ते असे.

विणकाम करतो तो नर. गवताची लांब पाती फाडून आणायची आणि चोचीने गाठी मारत घरटे अर्धे करायचे. ते उलट्या टोपीसारखे दिसू लागले, की नर थांबतो. मग माद्यांचा थवा वसाहतीत येतो. मादी घरट्यात शिरते, ओढून बघते, आतून तपासते. पसंत पडले नाही तर निघून जाते, आणि ते घरटे तसेच अर्धवट लोंबत राहते. पसंत पडले तर तिचे आणि त्या नराचे जमते. त्यानंतर नर खालची नळी विणून घरटे पुरे करतो आणि मादी आतली मऊ गादी बघते. तिने अंडी घातली, की हे महाशय लगेच जवळच दुसरे घरटे विणायला घेतात आणि दुसऱ्या मादीची वाट पाहतात! अंडी उबवणे आणि पिलांचे पोषण हे मादीच्या गळ्यात. अशा प्रकारे एक नर एकामागून एक अनेक संसार मांडतो, हे सलीम अलींनी पुराव्यासह दाखवून दिले. हे संशोधन १९३१ साली प्रसिद्ध झाले.

बहिणाबाई चुकल्या, असे कोणी म्हणू नये. पिलांसाठी राबणारी मादी त्यांनी पाहिली होती, ती खरीच आहे. पण पुढच्या जून-जुलैत एखाद्या घरट्याखाली अर्धा तास उभे राहून नर कोणता आणि मादी कोणती, हे ओळखायचा प्रयत्न विद्यार्थ्यांनी जरूर करावा. विणीच्या दिवसांत नराचे डोके व छाती पिवळीधमक असते, मादी चिमणीसारखी भुरी. वहीत तारीख आणि वेळ लिहायला विसरू नये. घरट्याला हात मात्र लावायचा नाही.

येथून पुढे सलीम अलींनी एक युक्ती काढली. त्या काळी देशात शेकडो संस्थाने होती आणि त्यांतल्या बहुतेकांच्या पक्ष्यांची कोणी नीट पाहणी केलेली नव्हती. त्यांनी संस्थानिकांना कळवले, की प्रवासाचा व तंबूचा खर्च तेवढा द्या, मी माझ्या कामाचा मोबदला घेणार नाही. हैदराबाद, त्रावणकोर, कोचीन, ग्वाल्हेर, इंदूर, भोपाळ, म्हैसूर, कच्छ अशा पाहण्या झाल्या. बैलगाडी, उंट, पायपीट, मच्छर, ताप हे सर्व आलेच. तहमीनाबाई मोठ्या घरात वाढलेल्या, पण तंबूतल्या या संसारात त्या हौसेने सामील झाल्या. १९३९ साली एका साध्या शस्त्रक्रियेनंतर त्यांचे अचानक निधन झाले. मूलबाळ नव्हते. लहानपणी आईबाप गेलेला हा माणूस बेचाळिसाव्या वर्षी पुन्हा एकटा झाला. बहीण कम्मू आणि मेव्हणे हसन अली यांनी त्यांना आपल्या घरी नेले आणि शेवटपर्यंत सांभाळले. मोठ्या माणसांची चरित्रे लिहिताना अशा बहिणींना सहसा एक ओळही मिळत नाही.

दुःखातून ते कामातच शिरले. १९४१ साली त्यांचे भारतीय पक्ष्यांवरचे सचित्र पुस्तक प्रसिद्ध झाले. तोपर्यंत पक्ष्यांची पुस्तके म्हणजे साहेबांच्या कपाटातले जाडजूड ग्रंथ. हे पुस्तक सामान्य माणसाला हातात घेऊन फिरता येण्यासारखे होते. त्याच्या आवृत्तीमागून आवृत्ती निघत गेल्या. पंडित नेहरूंनी ते आपल्या मुलीला, इंदिरेला, भेट दिले होते. पुढे पंतप्रधान झाल्यावर इंदिरा गांधींनी पक्ष्यांच्या आणि जंगलांच्या प्रश्नात सलीम अलींचे म्हणणे ऐकून घेतले, त्याचे एक मूळ या भेटीत असावे, असे आम्हाला वाटते. राजस्थानातले भरतपूरचे पक्ष्यांचे सरोवर आणि केरळातले सायलेंट व्हॅलीचे जंगल ही दोन्ही वाचवण्यात त्यांचा मोठा वाटा होता.

१९४४ ते १९४८ या काळात त्यांनी गुजरातची पाहणी केली. त्यात आपल्या शेजारचे डांगचे जंगलही होते. हा अहवाल पुढे १९५४-५५ मध्ये छापून आला. त्यानंतर अमेरिकेचे पक्षीशास्त्रज्ञ डिलन रिप्ले यांच्यासह त्यांनी भारत व पाकिस्तानातल्या पक्ष्यांवरचा दहा खंडांचा ग्रंथ पुरा केला. १९६८ ते १९७४ या काळात हे खंड निघाले. शेवटचा खंड आला तेव्हा त्यांचे वय ७७ होते.

ते फार गंभीर, वाळलेले गृहस्थ होते असे मात्र समजू नये. मोटारसायकलचे त्यांना भारी वेड! १९५० साली स्वीडनमध्ये उपसाला येथे पक्षीशास्त्रज्ञांची जागतिक परिषद भरली, तेव्हा त्यांनी आपली सनबीम मोटारसायकल बोटीने युरोपात नेली आणि तिच्यावर बसूनच परिषदेला पोहोचले. हे गृहस्थ थेट भारतातून चालवत आले, असा तेथे काहींचा समज झाला. तंबूत कोणी घोरले तर ते त्यांना अजिबात खपत नसे. कामातला आळस आणि अर्धवट नोंद यांवरूनही ते चिडत.

मानसन्मान पुढे भरपूर आले. १९५८ साली पद्मभूषण, १९७६ साली पद्मविभूषण. पदवी नसलेल्या माणसाला विद्यापीठांनी बोलावून डॉक्टरेट दिली. १९८५ साली राज्यसभेवर नेमणूक झाली. पॉल गेटी पुरस्काराचे ५० हजार डॉलर मिळाले, ते त्यांनी निसर्गरक्षणाच्या निधीला देऊन टाकले. १९८७ च्या जूनमध्ये नव्वदाव्या वर्षी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यांचा जन्मदिवस पक्षी दिन म्हणून पाळतात. महाराष्ट्र शासनाने २०२० मध्ये ५ ते १२ नोव्हेंबर हा पक्षी सप्ताह ठरवला, त्यातला पहिला दिवस मारुती चितमपल्ली यांच्या जन्माचा आणि शेवटचा सलीम अलींच्या. २०१६ साली हिमालयात ओळख पटलेल्या कस्तुर जातीच्या एका पक्ष्याला शास्त्रज्ञांनी सलीम अलींचे नाव दिले.

आता शेवटी आपल्या दोन्ही गावांची, म्हणजे सुरतेची आणि खानदेशची, एक गोष्ट. रानपिंगळा नावाचे एक छोटे घुबड आहे. १८७३ साली शास्त्राला त्याची ओळख झाली, त्यानंतर थोडेच नमुने मिळाले आणि मग ते दिसेनासेच झाले. शेवटचा नमुना १९१४ साली आपल्या सुरत जिल्ह्यातल्या तापीकाठच्या मांडवीला मिळाल्याची चिठ्ठी लंडनच्या संग्रहातल्या एका पक्ष्याला लावलेली होती. ती मायनर्ट्‌झहागेन नावाच्या इंग्रज कर्नलची. याच कर्नलबरोबर सलीम अली १९३७ साली अफगाणिस्तानच्या मोहिमेवर गेले होते. रानपिंगळ्यासाठी सलीम अली, रिप्ले आणि इतर अनेकांनी शोध घेतला. कोणालाच तो सापडला नाही. नामशेष झाला असावा, असेच सर्वांनी धरले.

१९९० च्या दशकात अमेरिकेच्या पामेला रासमुसेन यांनी बारकाईने तपास केला, तेव्हा ती चिठ्ठीच खोटी निघाली. कर्नलने संग्रहालयातला एक जुना पक्षी चोरला होता, त्यात नव्याने पेंढा भरला होता आणि मांडवीचे नाव टाकून तो आपला म्हणून दिला होता. मूळ पक्षी १८८० च्या दशकात खानदेशात मिळालेला होता! एका खोट्या नोंदीमुळे किती वर्षे लोक भलतीकडे पाहत राहिले. मग रासमुसेन आणि त्यांचे सहकारी जुन्या खऱ्या नोंदींच्या मागावर निघाले आणि २५ नोव्हेंबर १९९७ रोजी नंदुरबार जिल्ह्यातल्या शहाद्याजवळ एका उघड्या फांदीवर बसलेला रानपिंगळा त्यांना भर दिवसा दिसला. आपल्यापैकी कित्येकांचे आजोळ त्या भागात आहे.

हा उलगडा पाहायला सलीम अली नव्हते. त्यांना जाऊन दहा वर्षे झाली होती. त्यानंतर रानपिंगळा मेळघाटात, तानसाच्या जंगलात आणि अलीकडे डांगमधल्या पूर्णा अभयारण्यातही आढळला आहे. भेस्तानहून पहाटे निघाले तर रात्रीपर्यंत परत येता येते, इतक्या अंतरावर. इतर घुबडांसारखा तो अंधाराची वाट पाहत नाही. सकाळच्या उन्हात पानगळ झालेल्या सागाच्या शेंड्यावर बसतो आणि शेपटी इकडून तिकडे झटकत राहतो.